सभागृहातून न्यायासनावर: एका आत्या-भाच्याचा वाद

तुळजापूर तालुक्यातल्या काटीचे बी. एन. देशमुख शेतकरी कामगार पक्षात (शेकाप) घडले, विधिमंडळात आमदार म्हणून बसले आणि पुढे मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले. धाराशिवकडे हे नाव निघालं की दोन तऱ्हेची माणसं भेटतात. लाल बावट्याचा माणूस न्यायासनावर गेला म्हणून काहींची मान ताठ होते. काही जण हळूच विचारतात, की आमदारानं न्यायाधीश व्हावंच कशाला?

माझ्या ओळखीच्या एका घरात हे दोन्ही पक्ष एकाच छपराखाली नांदतात. आत्यांनी जिल्ह्यातल्या तालुका कोर्टांत कारकुनी करत करत हयात घालवली आणि निवृत्त झाल्या. भाचा एका पक्षाच्या युवक आघाडीत बरीच वर्षं राबला, मग सनद घेतली, आता वकिली करतो. वाटेल की भाचा राजकारण्यांची बाजू घेईल आणि आत्या कोर्टाचं सोवळं जपतील. प्रत्यक्षात उलटं आहे. त्यांचं बोलणं फारसं न छाटता देतो. मध्ये तोंड घालायचा मोह मला एक-दोनदा आवरला नाही, तेवढं चालवून घ्या.

भाचा: आत्या, देशमुखसाहेबांबद्दल माझं काही म्हणणं नाही. मी त्यांना बोर्डावर पाहिलेलं नाही, त्यामुळं चांगलं-वाईट बोलायचा मला हक्क नाही. माझं भांडण त्या वाटेशी आहे. मी सभांच्या सतरंज्या उचलल्यात, मतदानाच्या दिवशी बूथवर बसलोय. गावात शिरलं की पहिली दोन घरं ओलांडायच्या आत कळतं, हे आपलं, ते त्यांचं. ही नजर एकदा लागली की जात नाही. अशा माणसाला न्यायासनावर बसवायचं आणि सांगायचं, आता सगळे सारखे?

आत्या: शपथ असते ना त्यासाठी.

भाचा: शपथेचंच बोलतो. राज्यघटनेच्या तिसऱ्या अनुसूचीत सगळ्या शपथा आहेत. न्यायाधीशाच्या शपथेत भय नको, पक्षपात नको, ममत्व नको, आकस नको, असं सगळं येतं. आमदाराच्या शपथेत यातलं काही नाही. घटनेशी निष्ठा, देशाची एकात्मता, कर्तव्य नीट पार पाडीन, एवढंच. आणि ते बरोबरच आहे. आमदारानं आपल्या मतदारसंघाबद्दल ममत्व ठेवायचं नाही तर कुणी ठेवायचं? तुळजापूरच्या आमदारानं तुळजापूरचा रस्ता मागायचा, परंड्याच्यानं परंड्याचा. म्हणजे ज्या कामात ममत्व हाच गुण, त्या कामातून माणूस उचलून तुम्ही ममत्व हा दोष असलेल्या कामावर बसवता.

आत्या: पुढचं पान उलटलं नाहीस वाटतं. ममत्व आणि आकसाची तीच शब्दयोजना मंत्र्याच्या शपथेतही आहे. मग तुझ्या हिशेबानं मंत्री न्यायाधीश झालेला चालेल, नुसता आमदार चालणार नाही?

(यावर भाचा हसला. इथं आत्यांनी एक गुण घेतला, पण भाच्याचा मुद्दा त्यानं मोडत नाही. मंत्र्यानं ती शपथ किती पाळली, हे विचारायला दुसऱ्या दिवशी कुणी बसत नाही. न्यायाधीशाच्या निकालावर अपील होऊ शकतं.)

आत्या: आणि ही वाट काही शेकापनं पाडलेली नाही बाबा. काशिनाथ त्र्यंबक तेलंग मुंबईच्या कायदे कौन्सिलात होते, १८८९ साली उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. १८९३ मध्ये ते वारले, त्यांच्या जागी महादेव गोविंद रानडे आले. तेही कौन्सिलात बसलेले. नारायण चंदावरकरांचं तर विचारू नकोस. कौन्सिलात होते, १९०० च्या डिसेंबरात लाहोर काँग्रेसचे अध्यक्ष होते आणि पुढच्याच वर्षी न्यायाधीश. न्यायालय सोडल्यावर १९२१ मध्ये पुन्हा मुंबई कौन्सिलात, या वेळी अध्यक्ष म्हणून. मुंबई उच्च न्यायालयाची शान आपण ज्यांच्या नावानं सांगतो, त्यांतले हे तिघे.

भाचा: तिघांनी मतं मागितली होती का? सरकारनं नेमलेले नाहीतर विद्यापीठासारख्या संस्थेनं पाठवलेले सभासद होते ते. त्यांच्यामागं कार्यकर्ते नव्हते, तिकीट देणारा पक्ष नव्हता, निवडणुकीचा खर्च करणारा कुणी नव्हता. आजचा आमदार निवडून येतो तो कुणाकुणाच्या उपकारानं येतो. ती यादी लांब असते, आणि त्यातला प्रत्येक जण कधी ना कधी कोर्टाच्या पायरीवर येतोच.

आत्या: बरं, मतं मागितलेला देते. आपला जिल्हा १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होता. त्या राज्यात गोपाळराव एकबोटे, मराठी माणूस, १९५२ ला विधानसभेत निवडून आले, बुरगुल रामकृष्णरावांच्या मंत्रिमंडळात मंत्री झाले. १९६२ मध्ये आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाचे न्यायाधीश, १९७२ ते १९७४ मुख्य न्यायमूर्ती. राज्य मोडलं नसतं तर त्यांच्यापुढं तुझ्या आजोबांचं कुळाचं प्रकरण चाललं असतं.

भाचा: कुळाचं म्हणालात ते बरं झालं. हैदराबादचा १९५० चा कुळवहिवाट आणि शेतजमीन कायदा मराठवाड्यात आजही चालतो, आम्ही त्याच्यावरच पोट भरतो. १९५४ मध्ये त्याच्यात मोठ्या दुरुस्त्या झाल्या, त्या एकबोटे ज्या विधानसभेत होते तिथंच. आणि तोच कायदा तेलंगणात त्यांच्या उच्च न्यायालयाच्या कक्षेत. ज्यानं कायदा करताना हात वर केला, त्यानंच त्याचा अर्थ लावायचा?

आत्या: त्याला जास्त कळणार नाही का? कलम कुणासाठी घातलं, कुठली पळवाट बुजवायला घातलं, हे त्यानं कानांनी ऐकलेलं असतं.

भाचा: तिथंच घोळ आहे. कायदा छापला की तो करणाऱ्याचा राहत नाही. इंग्लंडात लॉर्ड हॅल्सबरी नावाचे लॉर्ड चॅन्सेलर होते, कायदाही करायचे आणि सर्वोच्च पातळीवर न्यायही द्यायचे. १९०२ च्या एका कंपनी प्रकरणात त्यांनी निकाल लिहायचं टाळलं. त्यांचं म्हणणं असं होतं, की मसुदा ज्यानं लिहिला तोच अर्थ लावायला सगळ्यात नालायक माणूस. त्याला काय म्हणायचं होतं आणि प्रत्यक्षात काय लिहिलं गेलं, यात त्याची गल्लत होते.

आत्या: म्हणजे हॅल्सबरींनी एका प्रकरणापुरता हात आवरला. खुर्ची सोडली नाही.

(याला म्हणतात कोर्टातला अनुभव. कारकून म्हणून बसलेल्या माणसाला एक गोष्ट पक्की ठाऊक असते: ‘हे प्रकरण माझ्यापुढं नको’ असा शेरा मारला जातो, फाईल दुसऱ्या कोर्टात जाते, आणि दिवसाचं बाकी कामकाज चालू राहतं.)

आत्या: आता माझं ऐक. मी ज्या कोर्टांत काम केलं तिथं परीक्षा देऊन आलेली हुशार पोरं न्यायाधीश म्हणून पाहिली. कायदा तोंडपाठ. पण सातबारा समोर आला की पीकपाण्याच्या रकान्यात काय बघायचं ते कळायचं नाही. बांध कोरला म्हणजे काय केलं, सामाईक विहिरीची पाळी म्हणजे काय, हे वकिलानं सांगितलं तेवढंच. २०२५ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयानं खालच्या कोर्टाच्या न्यायाधीशासाठी तीन वर्षं वकिलीची अट परत आणली, ती उगाच नाही. वरच्या न्यायालयात तर ही उणीव जास्त टोचते. आपल्या जिल्ह्यातला माणूस मुंबईला अपिलात जायचा तेव्हा त्याची जमीन, त्याचा दुष्काळ सगळं इंग्रजी कागदात जायचं. औरंगाबादला खंडपीठ १९८१ मध्ये आलं. त्या खंडपीठावर पाणीटंचाईत टँकर मागितलेला, रोजगार हमीच्या कामावर जाऊन आलेला माणूस बसला, तर त्याला कागदामागचं दिसतं. आमदारकीनं दुसरं काही शिकवलं नसेल, एवढं तर शिकवतेच.

भाचा: पण त्या वकिली अनुभवाचीही गंमत बघा. वकिलीतून उच्च न्यायालयाचा न्यायाधीश व्हायला कलम २१७ नुसार दहा वर्षं उच्च न्यायालयात वकिली लागते. आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की आमदार-खासदार वकिली करू शकतात, ते काही पूर्णवेळ पगारी नोकर नाहीत. म्हणजे आमदारकीची वर्षंही वकिलीत धरता येतात. सभागृहात सरकारविरुद्ध बोलायचं, कोर्टात सरकारविरुद्ध उभं राहायचं, मग सरकारविरुद्धची याचिका ऐकायला बसायचं. एकच माणूस तिन्ही ठिकाणी.

आत्या: कृष्ण अय्यरांचं नाव तू अजून घेतलं नाहीस. मुद्दाम टाळतोयस.

भाचा: टाळत नाही. मला ठाऊक होतं तुम्ही तिथंच येणार.

आत्या: मग सांगते. व्ही. आर. कृष्ण अय्यर. १९५२ ला मद्रास विधानसभेत, १९५७ ला केरळात कम्युनिस्टांच्या पाठिंब्यावर निवडून आले, नंबुद्रीपादांच्या सरकारात मंत्री. गृह, कायदा, तुरुंग अशी खाती. त्याआधी १९४८ मध्ये स्वतः महिनाभर तुरुंगात राहून आलेले. १९६८ ला केरळ उच्च न्यायालयात, १९७३ ला सर्वोच्च न्यायालयात. तेव्हा सोली सोराबजींसारख्या मुंबईच्या वकिलांनी उघड विरोध केला, की हा तर पक्का राजकारणी. याच माणसानं सुनील बत्रा प्रकरणात एका कैद्याचं पत्र हीच याचिका मानली. तुरुंग कैदी म्हणून पाहिला, मंत्री म्हणून पाहिला, मग न्यायाधीश म्हणून त्याच्यावर लिहिलं. सोराबजींनी पुढं मोकळेपणानं सांगितलं की आपला विरोध चुकला होता.

भाचा: एका माणसावरून नियम करता येत नाही.

आत्या: थांब, मुख्य गोष्ट राहिलीय. १२ जून १९७५ ला अलाहाबादच्या न्यायमूर्ती जगमोहनलाल सिन्हांनी इंदिरा गांधींची निवडणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाला उन्हाळी सुट्टी, सुट्टीतले न्यायाधीश कृष्ण अय्यर. त्यांना कायदामंत्री ह. रा. गोखल्यांचा फोन आला, भेटायला यायचंय म्हणून. हे गोखले म्हणजे आधी मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश, मग राजीनामा देऊन राजकारणात गेलेले, १९७१ ला मुंबईतून खासदार. अय्यरांना सर्वोच्च न्यायालयात आणण्यातही त्यांचा हात होता. अय्यरांनी विचारलं, काम काय? अलाहाबादच्या निकालाचं, असं कळल्यावर म्हणाले, भेटायची गरज नाही, अपील रजिस्ट्रीत दाखल करा. हे त्यांनीच पुढं सांगितलंय. आता मला सांग, त्या फोनच्या दोन टोकांपैकी न्यायाधीशाचं वळण कुणाला होतं? न्यायासनावरून राजकारणात गेलेल्याला, की राजकारणातून न्यायासनावर आलेल्याला?

(मला वाटतं, वाद इथंच संपला असता तर आत्या जिंकल्या असत्या. पण भाच्यानं तो निकाल वाचलेला होता.)

भाचा: आणि २४ जूनला निकाल काय दिला? सशर्त स्थगिती. पंतप्रधान म्हणून राहा, सभागृहात बसा, पण खासदार म्हणून मतदान करायचं नाही, खासदारकीचा भत्ता घ्यायचा नाही. इंदिरा गांधींचे वकील पालखीवालांनी बिनशर्त स्थगिती मागितली होती, ती मिळाली नाही. विरोधकांना इंदिरा गांधी पदावर राहायलाच नको होत्या. दुसऱ्याच रात्री आणीबाणी. पन्नास वर्षं लोक भांडतायत की अय्यरांनी कणा दाखवला की मार्ग मोकळा केला. त्यांच्या जागी कधीच निवडणूक न लढवलेला न्यायाधीश असता आणि त्यानं हाच आदेश दिला असता, तर लोक फक्त आदेशावर भांडले असते. इथं आदेशावरही भांडतात आणि त्यांच्या जुन्या राजकारणावरही. माझी तक्रार इतकीच आहे. जो जिंकतो त्याला न्यायाधीश कोण होता याचं काही नसतं. माझा अशील हरून व्हरांड्यात येतो तेव्हा पहिला प्रश्न विचारतो, साहेब कुठल्या गावचे? आडनाव काय? त्यात आणखी एका प्रश्नाची भर, कुठल्या पक्षाचे होते? मी त्याला काय सांगू?

आत्या: जे खरं ते सांग. ज्याचा पक्ष जगाला ठाऊक आहे त्याच्यावर निदान नजर ठेवता येते. ज्यानं मनातल्या मनात झेंडा धरलाय, शाखेत की युनियनमध्ये की जातीच्या मेळाव्यात, त्याचं काय करशील? तो तर कोऱ्या पाटीचा म्हणून मिरवतो. नेमणुकीच्या आधी राज्य सरकारचं मत जातं, गुप्तवार्ता विभागाचा अहवाल जातो, मग सर्वोच्च न्यायालयाचा न्यायवृंद. एवढ्या चाळण्यांतून मनातला झेंडा दिसत नाही. आमदाराचं मात्र सगळं भाषण विधिमंडळाच्या कार्यवृत्तात छापलेलं असतं.

भाचा: छापलेलं असून उपयोग काय? २०२३ मध्ये व्हिक्टोरिया गौरींच्या मद्रास उच्च न्यायालयातल्या नेमणुकीवर राजकीय पार्श्वभूमीवरून आक्षेप घेतला गेला, तो सर्वोच्च न्यायालयानं फेटाळला. सुनावणीत न्यायमूर्ती गवई म्हणाले, आपल्यालाही राजकीय पार्श्वभूमी आहे, ती वीस वर्षांत कामात आडवी आली नाही. त्यांचे वडील रा. सू. गवई आपल्या विधान परिषदेचे सभापती होते. २०२५ मध्ये आरती साठेंच्या नावाची मुंबई उच्च न्यायालयासाठी शिफारस झाली, तेव्हा त्या आधी भाजपच्या प्रवक्त्या होत्या म्हणून विरोधकांनी गलका केला. भाजपनं सांगितलं, जानेवारी २०२४ मध्येच राजीनामा दिलाय. कुणी म्हणतं दीड वर्ष पुरेसं, कुणी म्हणतं नाही. किती काळ पुरेसा, हे लिहिलंय कुठं?

आत्या: कुठंच नाही. ते मात्र लिहायला हवं.

भाचा: तुम्ही मान्य केलंत?

आत्या: येण्याच्या वाटेवर दार लावू नकोस एवढंच माझं म्हणणं. परत जायच्या वाटेवर खुशाल कुलूप घाल. बहारुल इस्लामांचं मला कधीच पटलं नाही. राज्यसभेचे काँग्रेस खासदार, १९७२ ला राजीनामा देऊन गुवाहाटी उच्च न्यायालयात. १९८० मध्ये तिथून निवृत्त झाल्यावर त्यांना सर्वोच्च न्यायालयात घेतलं. बिहारचे मुख्यमंत्री जगन्नाथ मिश्रांना दिलासा देणाऱ्या निकालानंतर महिन्याभरात, जानेवारी १९८३ मध्ये, निवडणूक लढवायला राजीनामा, आणि त्याच वर्षी पुन्हा राज्यसभा. आता २०२४ मध्ये अभिजित गंगोपाध्याय कलकत्ता उच्च न्यायालयातून ५ मार्चला उठले, दोन दिवसांनी भाजपमध्ये, जूनमध्ये तमलुकचे खासदार. ते आधी आमदार नव्हते बघ. डाग लागला तो जाताना.

भाचा: कलम २२० सांगतं, की उच्च न्यायालयाच्या कायम न्यायाधीशाला पुढं त्याच न्यायालयात वकिली करता येत नाही. अशिलाची बाजू मांडायला बंदी, पक्षाची मांडायला मोकळीक. घटना करणाऱ्यांना हे सुचलंच नसेल असं नाही, त्यांना लाज या गोष्टीवर भरवसा होता. पण आत्या, तुमचं कुलूप लावलं तर के. एस. हेगड्यांचं काय? तेही आधी राज्यसभेत काँग्रेसचे, १९५७ ला म्हैसूर उच्च न्यायालयात, १९६७ ला सर्वोच्च न्यायालयात. केशवानंद भारती निकालात घटनेची मूलभूत चौकट वाचवणाऱ्या बहुमतात होते. एप्रिल १९७३ मध्ये त्यांना, शेलटांना आणि ग्रोव्हरांना डावलून ए. एन. रे सरन्यायाधीश झाले, तेव्हा तिघांनी राजीनामे दिले. १९७७ ला हेगडे जनता पक्षातर्फे लोकसभेत गेले, सभापती झाले. ज्या पक्षानं त्यांना पहिल्यांदा खासदार केलं, त्याच पक्षाच्या सरकारला त्यांचे निकाल झोंबले. त्यांनाही कुलूपच?

आत्या: हेगड्यांनी चार वर्षं थांबून निवडणूक लढवली. गंगोपाध्यायांनी दोन दिवस.

भाचा: म्हणजे चार वर्षांचं कुलूप?

आत्या: पाच धर. एक पूर्ण लोकसभा निघून जाऊ दे. म्हणजे निकाल देताना पुढचं तिकीट डोळ्यांसमोर नाचणार नाही.

भाचा: आणि येताना? आमदारकी संपल्यावर किती?

आत्या: येताना एक विधानसभा. शिवाय आपण मतदान केलेल्या कायद्याचं प्रकरण ऐकायचं नाही. आता आपल्या जिल्ह्याच्या नावाचंच घे. उस्मानाबादचं धाराशिव करायचा निर्णय मंत्रिमंडळानं घेतला, त्याला आव्हान दिलं ते उच्च न्यायालयात, ८ मे २०२४ ला याचिका फेटाळल्या गेल्या. त्या पीठावर त्या मंत्रिमंडळातलं कुणी असतं तर निकाल बरोबर असूनही कुणी मानला नसता. ते मला कळतं. आणि स्वतःच्या मतदारसंघाची प्रकरणं तर अजिबात नकोत. मुंबई उच्च न्यायालयाला काय जागा कमी आहेत? नागपूर आहे, पणजी आहे, आता कोल्हापूरही झालं. धाराशिवचा माणूस पणजीला बसवायचा.

भाचा: पणजीला? मघाशी तुम्हीच म्हणालात, की त्याला सातबारा कळतो, दुष्काळ कळतो, बांध कोरणं कळतं, म्हणून तो खंडपीठावर हवा. आता त्या ज्ञानाचं गोव्यात काय करायचं? तिथं धो धो पाऊस आणि जमिनीचे जुने कागद पोर्तुगीज.

आत्या: (थोडं थांबून) खाणींची प्रकरणं असतात की तिकडं. ज्याच्या शेतातली विहीर आटली त्याचं म्हणणं ऐकायला दुष्काळातला माणूस काय वाईट?

भाचा: तिथं विहीर खाणीनं आटते, आत्या. आपल्याकडं पावसाविना.

आत्या: आटली की आटली. आणि तुला एवढंच वाटत असेल तर नागपूरला बसव. विदर्भात कापूस आहे, सोयाबीन आहे, कर्ज आहे, सगळं आपल्यासारखंच.

भाचा: नागपूरला त्याच्या जुन्या पक्षाचं कुणीच नसेल, असं वाटतं तुम्हाला?